‘पिशवी काढून टाका, कटकट मिटेल’: दिव्यांग मुलीच्या आईला मिळणारा हा सल्ला कितपत खरा?

घरात बौद्धिक दिव्यांग मुलगी असेल तर ती दहा-बारा वर्षांची होईपर्यंत आईची काळजी साधी असते. तिला बोलता यावं, हातानं जेवता यावं, एवढंच. पाळी सुरू झाली की वेगळीच काळजी मागे लागते. कपडा कधी बदलायचा ते तिला कळत नाही, डाग पडले तरी समजत नाही, चारचौघांत नको ते बोलून जाते. आई खुरपायला रानात गेली तर मागे बघणार कोण? अशा वेळी कुणी जवळची बाई, कधी एखादा डॉक्टरही सांगून जातो, "पिशवी काढून टाका. पाळीही बंद होईल आणि उद्या काही बरंवाईट झालं तरी..."

पुढचं वाक्य कुणी पूर्ण करत नाही. ऐकणाऱ्याला ते न सांगता कळतं.

सल्ला देणारा माणूस वाईट असतोच असं नाही. बहुतेक वेळा आईचे हाल बघूनच तो बोलतो. पण या सल्ल्याला शंभर वर्षांहून जुना इतिहास आहे, आणि तो महाराष्ट्रातूनही गेलेला आहे. आता तर त्याबद्दल कायदाही आहे, जो गावात फारसा कुणाला माहीत नाही.

शिरूरच्या मुली आणि ससून

फेब्रुवारी १९९४. पुणे जिल्ह्यातल्या शिरूर इथल्या मतिमंद मुलींच्या सरकारी वसतिगृहातून काही मुलींना पुण्याच्या ससून रुग्णालयात आणण्यात आलं. त्यांना गर्भाशयाचा कुठलाही आजार झालेला नव्हता. तरी त्यांची गर्भाशयं काढण्यात आली. कारण असं दिलं गेलं की या मुलींना पाळीची स्वच्छता पाळता येत नाही आणि कर्मचाऱ्यांवर त्याचा ताण पडतो. ११ जणींच्या शस्त्रक्रिया होईपर्यंत प्रकरण बाहेर आलं. महिला संघटना आणि आरोग्य चळवळीतले कार्यकर्ते उभे राहिले, वर्तमानपत्रांतून गदारोळ झाला आणि पुढच्या शस्त्रक्रिया थांबल्या.

त्या वेळी दोन्ही बाजूंनी खूप वाद झाला. शस्त्रक्रियेच्या बाजूनं बोलणाऱ्यांत काही पालकही होते. त्यांचं म्हणणं थोडक्यात असं होतं, की टीका करणाऱ्यांनी एक महिना येऊन मुलगी सांभाळून दाखवावी. हे म्हणणं उडवून लावण्यासारखं नाही. मुलीचं सगळं आईनंच करायचं, बापानं बाहेर बघायचं आणि सरकारनं वर्षातून एकदा पेन्शनचा कागद मागायचा, अशी परिस्थिती असेल तर आई दमणारच.

पण जरा थांबून विचार केला की त्या कारणातली गफलत दिसते. ज्या मुलीला संडासला जायला शिकवता आलं, तिला पॅड बदलायलाही शिकवता येतं. वेळ लागतो, पण येतं. आणि जिला तेही शिकवता येत नाही, तिची शी-शू रोज दुसऱ्यालाच काढावी लागते. महिन्यातले चार-पाच दिवस कमी झाले म्हणून ते काम संपत नाही. रोजच्या शीचा त्रास होतो म्हणून आतडं काढून टाका, असं तर कुणी म्हणत नाही. मग पाळीसाठीच पोट फाडायचं का?

वसतिगृहाच्या बाबतीत आणखी एक प्रश्न येतो. जिथे मुलींना सांभाळणारं खातं तेच, आणि ‘आमच्याकडे माणसं कमी आहेत’ म्हणणारं खातंही तेच, तिथे मुलीच्या बाजूनं कोण बोलणार? माणसं कमी असतील तर माणसं भरावी लागतात.

अर्धवट राहिलेलं ते वाक्य

‘उद्या काही बरंवाईट झालं तरी’ याचा अर्थ सरळ आहे. कुणी अत्याचार केला तरी दिवस जाणार नाहीत.

म्हणजे अत्याचार होणार, हे आधीच मान्य केलेलं असतं. तो होऊ नये म्हणून काही करायचं नाही, फक्त त्याची खूण उरू नये एवढंच बघायचं. शस्त्रक्रियेनं अत्याचार थांबत नाही. एचआयव्ही किंवा गुप्तरोगापासून संरक्षणही मिळत नाही. उलट ज्या मुलीला सांगता येत नाही, तिच्यावर काही झालंय हे घरच्यांना कित्येकदा पाळी चुकल्यावरच कळतं. पिशवी काढली की ती वाटही बंद होते. आणि असं करणारा माणूस बहुधा ओळखीचाच असतो, घरातला नाहीतर शेजारचा. मुलीचं ऑपरेशन झालंय हे त्याला माहीत असतं. त्याची भीती उलट कमी होते.

२००९ मध्ये चंडीगडला हेच दिसलं. सरकारी निवारागृहात राहणाऱ्या एका अनाथ, सौम्य बौद्धिक दिव्यांग तरुणीवर त्या आसऱ्याच्या जागीच बलात्कार झाला होता. ती गरोदर असल्याचं तपासणीत आढळलं तेव्हा प्रकरण उघड झालं. प्रशासनानं गर्भपाताची परवानगी मागितली आणि उच्च न्यायालयानं ती दिली. पण त्या तरुणीला मूल हवं होतं. तसं तिनं तज्ज्ञांच्या समितीला सांगितलंही होतं. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं. २८ ऑगस्ट २००९ च्या निकालात न्यायालयानं सांगितलं, की मूल होऊ द्यायचं की नाही हा स्त्रीच्या व्यक्तिस्वातंत्र्याचा भाग आहे, आणि सज्ञान बौद्धिक दिव्यांग स्त्रीचा गर्भपात तिच्या संमतीशिवाय करता येणार नाही. सुचिता श्रीवास्तव विरुद्ध चंडीगड प्रशासन या नावानं हा निकाल ओळखला जातो. त्या तरुणीला पुढे मुलगी झाली.

यात एक बारकावा आहे आणि तो उपयोगाचा आहे. गर्भपाताच्या कायद्यात ‘मानसिक आजारी’ स्त्रीसाठी पालकाची संमती चालते. पण त्याच कायद्यातल्या व्याख्येत बौद्धिक दिव्यांगत्व मानसिक आजारातून वेगळं काढलेलं आहे. गावात दोघींनाही सरसकट ‘येडी’ म्हणतात. कायदा तसं म्हणत नाही.

अमेरिकेतल्या कॅरी बकची गोष्ट

‘अशांना मुलं होऊ देऊ नयेत’ हा विचार शास्त्र म्हणून मांडला गेला तो एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी, इंग्लंड-अमेरिकेत. चांगल्या वळूची पैदास वाढवायची आणि रोगट जनावर बाजूला काढायचं, हे जसं गोठ्यात चालतं तसंच माणसांतही करावं, असं मोठमोठे शिकलेले लोक बोलू लागले. अमेरिकेतल्या इंडियाना राज्यानं १९०७ मध्ये सक्तीच्या नसबंदीचा पहिला कायदा केला. पाठोपाठ तीसच्या वर राज्यांनी केले.

व्हर्जिनिया राज्यात कॅरी बक नावाची मुलगी एका कुटुंबाकडे वाढत होती. सतराव्या वर्षी त्या कुटुंबातल्याच एका नातेवाइकानं तिच्यावर बलात्कार केला, असं तिनं पुढे सांगितलं. ती गरोदर राहिली. कुटुंबानं बोभाटा नको म्हणून तिला ‘मंदबुद्धी’ ठरवून सरकारी संस्थेत टाकलं. तिची आई आधीच तिथे होती. कॅरीला मुलगी झाली, तर त्या सात-आठ महिन्यांच्या बाळाकडे बघून ‘हिच्यातही काहीतरी बरोबर दिसत नाही’ अशी साक्ष कोर्टात झाली. आजी, आई, नात, तीन पिढ्या मंदबुद्धी, बस झालं, असं म्हणत अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयानं २ मे १९२७ रोजी आठ विरुद्ध एक मतानं नसबंदीला मान्यता दिली. ऑक्टोबरमध्ये कॅरीचं ऑपरेशन झालं.

ती नात, व्हिव्हियन, पुढे शाळेत गेली. एका सत्रात तिचं नाव हुशार मुलांच्या यादीत होतं. आठव्या वर्षी ती आजारानं गेली. कॅरी स्वतः म्हातारपणापर्यंत जगली, आणि तिला भेटलेल्या लोकांना ती रोज पेपर वाचणारी साधी बाई दिसली. मंदबुद्धी कुणीच नव्हतं. गरीब मात्र सगळ्याच होत्या.

कॅरीची बहीण डोरिस हिचंही ऑपरेशन झालं होतं, पण तिला सांगितलं गेलं की अपेंडिक्सचं आहे. लग्नानंतर मूल होत नाही म्हणून ती नवरा-बायको वर्षानुवर्षं डॉक्टरकडे फिरली. खरं कारण कळलं तेव्हा ती म्हातारी झाली होती.

अमेरिकेत अशा कायद्यांखाली साठ हजारांवर लोकांची नसबंदी झाली. जर्मनीत हिटलरनं १९३३ मध्ये तसाच कायदा आणला आणि आकडा चार लाखांच्या घरात गेला. पुढे तिथे दिव्यांगांना ठार मारण्यापर्यंत मजल गेली. स्वीडनसारख्या सुधारलेल्या देशातही हे १९७० च्या दशकापर्यंत चाललं. जपानमधला कायदा १९४८ चा, तो रद्द व्हायला १९९६ उजाडलं. तिथे तर माणसाला बांधून, गुंगी देऊन किंवा खोटं सांगून ऑपरेशन केलं तरी चालेल, अशी लेखी सूचनाच सरकारनं काढली होती. ३ जुलै २०२४ रोजी जपानच्या सर्वोच्च न्यायालयानं तो कायदा मुळातच घटनाबाह्य होता असं सांगितलं. पंतप्रधानांनी माफी मागितली आणि ज्यांची नसबंदी झाली त्यांना प्रत्येकी दीड कोटी येन भरपाई देण्याचा कायदा झाला. तोवर अनेक जण हयात नव्हते.

आपल्याकडे जुन्या माणसांना आणीबाणीतली नसबंदी आठवते. १९७६ मध्ये महाराष्ट्राच्या विधिमंडळानं सक्तीच्या नसबंदीचं विधेयक मंजूरही केलं होतं. राष्ट्रपतींची संमती मिळाली नाही म्हणून त्याचा कायदा झाला नाही. ते प्रकरण दिव्यांगांपुरतं नव्हतं. पण जबरदस्ती आपल्या दारात आली की कसं वाटतं, हे त्या पिढीला वेगळं सांगावं लागत नाही.

आणि ‘हिला मूल झालं तर तेही तसंच होईल’ ही भीती? बौद्धिक दिव्यांगत्वाची कारणं अनेक असतात. बाळंतपणात बाळाला प्राणवायू कमी पडणं, लहानपणी मेंदूज्वर होणं, आईच्या आहारात आयोडीन नसणं, अशी बरीच कारणं आनुवंशिक नसतातच. डाउन सिंड्रोमसुद्धा बहुतेक वेळा आई-वडिलांकडून आलेला नसतो.

कायदा आज काय सांगतो?

दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम २०१६, कलम १०. दिव्यांग व्यक्तीला मूल होणं कायमचं बंद होईल अशी कुठलीही वैद्यकीय प्रक्रिया तिच्या स्वतःच्या, समजून-उमजून दिलेल्या संमतीशिवाय करता येत नाही. हे स्त्रीलाही लागू आहे आणि पुरुषालाही. संमती ‘तिची’ हवी असं कलम म्हणतं. आई-वडिलांची सही पुरेशी आहे असं त्यात कुठेही लिहिलेलं नाही. २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्यानंही मानसिक आजारावर उपाय म्हणून नसबंदी करायला बंदी घातली आहे.

दिव्यांग स्त्रीचा तिच्या स्पष्ट संमतीशिवाय गर्भपात केला तर त्याच २०१६ च्या कायद्यात सहा महिने ते पाच वर्षं तुरुंगवास आहे. फक्त तीव्र दिव्यांगत्व असेल तर डॉक्टरचं मत आणि पालकाची संमती, दोन्ही मिळून चालतात. पिशवी काढण्याला मात्र वेगळी शिक्षा लिहिलेली नाही. कायद्याचा भंग म्हणून पहिल्या वेळी फार तर दहा हजार रुपये दंड. जन्मभराच्या नुकसानीला दहा हजार, ही या कायद्यातली मोठी उणीव आहे.

गाठ, कर्करोग, औषधानं न थांबणारा रक्तस्राव असा खरा आजार असेल तर गोष्ट वेगळी. तेव्हा दुसऱ्या कुठल्याही बाईसारखाच तिच्यावरही उपचार व्हायला हवा. पण दुसऱ्या डॉक्टरचं मत घ्यावं, आणि सोनोग्राफीचा कागद स्वतःकडे ठेवावा. बीड जिल्ह्यातल्या ऊसतोड बायकांच्या पिशव्या तरुणपणीच काढल्याचं २०१९ मध्ये गाजलं. त्या बायका तर सगळं समजणाऱ्या, बोलणाऱ्या होत्या. तरी ‘कॅन्सर होईल’ एवढ्या एका वाक्यावर कित्येकींनी होकार दिला होता.

गर्भाशय काढणं ही मोठी शस्त्रक्रिया आहे. भूल, रक्तस्राव, मूत्राशयाला इजा हे धोके असतात. बरोबर अंडाशयंही काढली तर तरुण वयात हाडं ठिसूळ होतात, हृदयविकाराचा धोका वाढतो. पाळीचा त्रास फारच असेल तर गोळ्या, इंजेक्शन किंवा गर्भाशयात बसवायचं हार्मोनचं साधन यांनी पाळी कमी करता येते, कधी काही काळ थांबवताही येते. हे उपाय बंद केले की शरीर पूर्ववत होऊ शकतं. स्त्रीरोगतज्ज्ञाला हे आधी विचारावं.

घरी काय करता येतं?

विशेष शाळांतल्या शिक्षिका एक पद्धत वापरतात. पाळी येण्याआधीच, नऊ-दहा वर्षांपासून, मुलीला कोरडं पॅड लावून फिरायची सवय करतात. मग बाहुलीच्या चड्डीला पॅड लावून दाखवतात. चड्डीवर पेनानं रेघ मारून पॅड कुठे येतं ते आखून देतात. सकाळी, दुपारी, संध्याकाळी, ठरलेल्या वेळीच बदलायचं, म्हणजे ‘भरलं का’ हे तिला ओळखावं लागत नाही. भिंतीवरच्या कॅलेंडरवर लाल टिकली लावायची. काहींना सहा महिने लागतात, काहींना दोन वर्षं. अंगाला कुणी कुठे हात लावायचा नाही आणि लावला तर आईला सांगायचं, हेही त्याच वेळी शिकवतात.

तरी काही घडलंच तर पोलीस ठाण्यात बोलावून घेण्याची सक्ती नाही. दिव्यांग मुलीचा जबाब तिच्या घरी किंवा तिला सोयीच्या जागी, विशेष शिक्षक किंवा दुभाष्यासमोर घ्यावा आणि त्याचं व्हिडिओ चित्रीकरण करावं, अशी कायद्यात तरतूद आहे.

मुलगी १८ वर्षांची झाली की आई-वडील आपोआप तिचे कायदेशीर पालक राहत नाहीत, हे अनेकांना बँकेत गेल्यावरच कळतं. राष्ट्रीय न्यास कायदा १९९९ नुसार प्रत्येक जिल्ह्यात जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखाली स्थानिक समिती असते. बौद्धिक दिव्यांगत्व, स्वमग्नता, सेरेब्रल पाल्सी किंवा बहुविकलांगता असलेल्या व्यक्तीसाठी पालकत्वाचा अर्ज तिथे करता येतो. नेमलेला पालक मुलीकडे दुर्लक्ष करत असेल, तिची मालमत्ता बळकावत असेल, तर त्याला हटवण्यासाठीही याच समितीकडे जाता येतं.