खेळांचे बिऱ्हाड

बिऱ्हाड हलविणे ही गोष्ट आपल्या घराण्यांना नवी नाही. होळकरांच्या चाकरीसाठी दक्षिणेतून माळव्यात आलेल्या आपल्या पूर्वजांनी देवांचा संपुट, दप्तर आणि चार भांडी एवढ्यावर नवे घर मांडले. त्याच घरांतील नातवंडांपुढे हल्ली बिऱ्हाड हलविण्याचा एक निराळाच प्रसंग येतो. संगणकावर बसविलेले खेळ एका ड्राइव्हवरून दुसऱ्या ड्राइव्हवर न्यावयाचे असतात. वडीलधाऱ्यांना हा पोरखेळ वाटतो. मलाही तो तसाच वाटत असे. पण गेल्या दिवाळीत रामपायलीस जाणे झाले आणि या पोरखेळातही जपण्यासारखे बरेच काही असते, हे ध्यानात आले.

रामपायली हे माझे आजोळ. बालाघाट जिल्ह्यात, वारासिवनीच्या दक्षिणेस, चंदन नदीच्या काठी हे गाव वसले आहे. नदीकाठचे श्रीरामाचे मंदिर आणि कार्तिकी पौर्णिमेची जत्रा यांमुळे त्याचे नाव दूरवर ठाऊक आहे. सभोवार धानाच्या बांध्या. ज्याला २०२१ साली भौगोलिक मानांकन मिळाले, तो चिन्नोर तांदूळ याच जिल्ह्यातला. मामांच्या घरी गप्पा होतात त्या पऱ्ह्यांच्या आणि रोवण्याच्या; पण माजघराच्या कोपऱ्यात एक संगणकही आहे, आणि मी पोहोचलो तेव्हा घरातील चर्चा त्याच्याभोवतीच चालली होती.

संगणकात दोन ड्राइव्ह होते. एक २५६ जीबीचा, चपळ, एसएसडी जातीचा. त्याचे नाव सी. दुसरा एक टीबीचा, जुन्या फिरत्या तबकडीचा; त्याचे नाव डी. (ए आणि बी ही अक्षरे पूर्वी फ्लॉपीसाठी राखलेली असत, म्हणून मोजणी सी पासून सुरू होते.) मामांच्या नातवाने सारे खेळ सी वर बसविले होते. तो काठोकाठ भरला, विंडोज अडखळू लागले, आणि दुरुस्तीवाल्याने सल्ला दिला, “सगळे उडवा आणि नव्याने भरा.”

शहरात बसून हा सल्ला सोपा वाटतो. पण हिशेब करून पाहावा. २०१५ साली संगणकावर आलेल्या जीटीए-५ या खेळाला पूर्वी ७२ जीबी जागा लागत असे. मामांच्या घरी इंटरनेट येते ते मोबाइलवर, रोजचे दीड जीबी. म्हणजे एवढा एक खेळ पुन्हा उतरवून घ्यावयाचा तर अठ्ठेचाळीस दिवस, आणि तेही घरातल्या दुसऱ्या कोणी एक चित्रही पाहावयाचे नाही! तोच खेळ सी वरून डी वर नेण्यास सेकंदाला शंभर एमबी या वेगाने बारा मिनिटे लागतात. रखडत गेला तरी अर्धा तास. ज्या गावी इंटरनेट मोजूनमापून मिळते, तेथे खेळ उडविण्यापेक्षा हलविणेच शहाणपणाचे.

मग अडचण कोणती? अडचण अशी की, बसविलेला खेळ एका जागी राहत नाही. त्याची संपत्ती तीन ठिकाणी विखुरलेली असते. खेळाचा अवजड देह एका फोल्डरमध्ये असतो. त्याच्या पत्त्याची नोंद विंडोजच्या दप्तरात, म्हणजे रजिस्ट्रीत असते. आणि खेळणाऱ्याने जेथवर मजल मारली तिची नोंद तिसरीकडेच, बहुधा डॉक्युमेंट्समध्ये किंवा ॲपडेटा नावाच्या लपलेल्या फोल्डरमध्ये ठेवलेली असते. यांपैकी नुसता देह उचलून डी वर नेला तर पडद्यावरील चिन्ह जुन्याच पत्त्यावर हाका मारीत बसते आणि खेळ उघडत नाही. काही लहान खेळ मात्र आपले सारे एकाच फोल्डरमध्ये ठेवतात. ते विंचवाचे बिऱ्हाड. पाठीवर घेऊन कोठेही जावे.

पत्त्याचा हा घोळ मामांना समजावून सांगावा लागला नाही. त्यांनीच मला उदाहरण दिले. “अरे, १९५६ साली आपलं काय झालं? गाव होतं तिथंच राहिलं, पण पत्ता बदलला.” १ नोव्हेंबर १९५६ पर्यंत जुन्या मध्य प्रदेशाची राजधानी नागपूर होती. त्या दिवशी नागपूर-भंडारा मुंबई राज्यात गेले, बालाघाट मध्य प्रदेशातच राहिला आणि राजधानी भोपाळला गेली. वर्षानुवर्षे नागपूरची वाट चालत असलेले कागद एकाएकी दुसऱ्या दिशेने पाठवावे लागले. त्याच दिवशी आपला मध्यभारतही त्या राज्यात विलीन झाला. तेव्हा ही गोष्ट इंदूरकरांनाही नवी नाही. तेथे गाव स्थिर राहून पत्ता हलला. येथे खेळ हलतो आणि पत्ता मागे राहतो. दोन्हीकडे काम एकच, दप्तर दुरुस्त करण्याचे.

हे दप्तर दुरुस्त करण्याचे मार्ग आता बरेच सुकर झाले आहेत. २००३ साली सुरू झालेल्या स्टीम या दुकानातून घेतलेले खेळ असतील तर ते काम दुकानच करते. प्रथम स्टीमच्या सेटिंग्जमध्ये ‘स्टोरेज’ या सदरात डी ड्राइव्हची भर घालावी. मग त्या खेळाच्या ‘प्रॉपर्टीज’मध्ये जाऊन ‘मूव्ह इन्स्टॉल फोल्डर’ म्हणावे. खेळही हलतो, नोंदही बदलते. पुढे ‘व्हेरिफाय’ केले की प्रत्येक फाइल तपासली जाते आणि बिघडली असेल तेवढीच पुन्हा उतरविली जाते. मायक्रोसॉफ्टच्या दुकानातील खेळांना विंडोजच्या सेटिंग्जमध्येच ‘मूव्ह’ची सोय असते.

ज्यांना अशी सोय नाही, त्या जुन्या खेळांसाठी एक युक्ती आहे. खेळाचे फोल्डर डी वर नेऊन ठेवावे आणि जुन्या जागी त्याच नावाची एक पाटी लावावी. या पाटीला जंक्शन म्हणतात. ‘एमकेलिंक’ या आज्ञेने ती लावता येते. विंडोज जुन्या पत्त्यावर जाते, पाटी त्याला मुकाट्याने नव्या घरी पोहोचविते, आणि आपण घर बदलले याचा खेळाला पत्ताही लागत नाही. मात्र पाटी लावण्यापूर्वी जुन्या जागी त्या नावाचे फोल्डर उरलेले नसावे. आणि डी च्या ठिकाणी काढघाल करण्याचा ड्राइव्ह असला तर तो काढताच पाटी ओसाड जागेकडे बोट दाखवीत राहते.

आणखी एक गोष्ट. एकाच ड्राइव्हवर फोल्डर इकडचे तिकडे केले तर क्षणात होते, कारण तेथे फक्त यादीतील नोंद बदलते. दुसऱ्या ड्राइव्हवर नेताना मात्र प्रत्येक फाइलची नक्कल करून मग मूळ पुसले जाते. आमच्या आजोळी वीज केव्हा जाईल याचा नेम नसतो. म्हणून हातांनी नेताना ‘कट’ न करता ‘कॉपी’ करावी, खेळ नव्या जागी चालतो हे पाहावे आणि मगच जुने पुसावे. फिरत्या तबकडीवर खेळ उघडण्यास वेळ अधिक लागतो, तेव्हा रोज खेळावयाचा एखादा सी वरच असू द्यावा.

नातू हुशार. दुपारपर्यंत त्याने स्टीमचे सारे खेळ डी वर नेले. “काका, आता सी पुसला तरी चालेल. स्टीम पुन्हा घालून डी दाखवला की झालं.” हे खरे होते. त्याने चिठ्ठी लिहून दुरुस्तीवाल्याकडे न्यावयाचे कामही ठरवून टाकले. तेवढ्यात मामींनी सहज विचारले, “आणि ताईचं शेत?”

ताई म्हणजे त्याची थोरली बहीण. शिक्षणासाठी नागपूरला असते. स्टारड्यू व्हॅली हा तिचा खेळ. एरिक बॅरोन या एकट्या माणसाने रचलेला हा खेळ २०१६ साली आला. त्यात ओसाड शेत हाती घेऊन ते फुलवावयाचे असते. २०१९ च्या सुधारणेत त्यात धानही आले. त्याची लावणी तेथे वसंतात होते, यावर मामांनी पूर्वी बराच आक्षेप घेतला होता. पण पाण्यालगत लावलेल्या धानाला शिंपावे लागत नाही, हे पाहून बनविणाऱ्याला निदान एवढे तरी कळते, असा निर्वाळाही त्यांनीच दिला होता. ताई टाळेबंदीच्या वर्षी घरी होती तेव्हा रोज संध्याकाळी आजोबा-नातीने मिळून ते शेत केले. कोठे काय पेरावयाचे ते मामा सांगत, ती पेरीत असे.

खेळ डी वर गेला होता. पण शेत गेले नव्हते. ते सी वर, ॲपडेटातील रोमिंग या फोल्डरमध्ये, ‘सेव्ह्ज’ या नावाखाली पडून होते. बरेच खेळ आपल्या नोंदींची एक प्रत दुकानाच्या दूरच्या कोठारात ठेवतात, पण तिच्यावर विसंबून राहणे बरे नव्हे. तशी प्रत नसताना सी पुसला असता तर खेळ जसाच्या तसा उघडला असता आणि शेताच्या जागी पुन्हा पहिल्या दिवसाचे रान दिसले असते. सारे फोल्डर अवघे काही एमबींचे. नातवाने ते डी वर ठेवले, एक प्रत पेनड्राइव्हवर घेतली आणि एक नागपूरला धाडली. रात्री ताईचा फोन आला. तिने आधी आजोबांना बोलाविले आणि धान कापणीला आले आहे का ते विचारले. मामा पडद्यासमोर बसून सांगू लागले.

तेव्हा ज्यांच्या घरी हा प्रसंग येईल त्यांनी क्रम लक्षात ठेवावा. प्रत्येक खेळ आपल्या नोंदी कोठे ठेवतो ते आधी शोधावे आणि त्यांच्या दोन प्रती वेगवेगळ्या जागी ठेवाव्यात. मग खेळ हलवावा, उघडून पाहावा, जुनी नोंद त्यात दिसते याची खात्री करावी. सी पुसण्याची पाळी सर्वांत शेवटी. खेळ दुकानातून पुन्हा मिळतो, अठ्ठेचाळीस दिवस लागले तरी मिळतो. नोंदी दुकानात मिळतीलच असे नाही. आपल्याकडे नव्या घरात सामानाआधी देव नेतात. नातवंडांना तेवढे सांगितले तरी पुढचे त्यांना बरोबर कळते.