कार्यालयीन संगणकाचे घड्याळ आणि नोंदी

माहिती तंत्रज्ञान अधिनियम, २००० च्या कलम ७०-ब अन्वये केंद्र शासनाच्या ‘सर्ट-इन’ या यंत्रणेने २८ एप्रिल २०२२ रोजी सायबर सुरक्षेबाबत निर्देश जारी केले. शासकीय कार्यालये आणि कंपन्या या दोहोंना ते लागू आहेत. सायबर घटना निदर्शनास आल्यापासून सहा तासांच्या आत कळविणे, संगणक प्रणालीतील नोंदी १८० दिवस जतन करणे आणि घड्याळे राष्ट्रीय सूचना विज्ञान केंद्र अथवा राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळेच्या वेळेशी जुळती ठेवणे, या त्यातील प्रमुख अटी होत.

यांपैकी घड्याळाची अट क्षुल्लक वाटते. वस्तुतः ती तशी नाही. जुन्या संगणकाच्या मदरबोर्डवरील बटनासारखा सेल निकामी झाला, की वीज जाताच संगणकाचा दिनांक काही वर्षे मागे जातो. मग सुरक्षित संकेतस्थळांची प्रमाणपत्रेही अवैध ठरून पडद्यावर इशारे झळकू लागतात आणि ते न वाचताच पुढे जाण्याची सवय कर्मचाऱ्यांच्या अंगवळणी पडते. शिवाय पाच संगणकांच्या पाच वेळा असतील, तर शिरकाव प्रथम कोठून झाला, याचा उलगडा होणे दुरापास्त असते. अल्प किमतीचा सेल बदलणे, एवढाच यावरील उपाय.

नोंदींचीही तीच गत. विंडोजमधील सुरक्षाविषयक नोंदींना मुळात सुमारे २० एमबी एवढीच जागा असते. ती भरली की जुन्या नोंदींवर नव्या लिहिल्या जातात. ही मर्यादा वाढविल्याविना, अथवा नोंदी अन्यत्र साठविल्याविना, वर्दळीच्या संगणकावर १८० दिवसांची अट पाळली जाणे कठीण.

विंडोज १० ची नियमित सुरक्षा अद्यतने १४ ऑक्टोबर २०२५ रोजी बंद झाली. अद्यतनांचे मोल मे २०१७ मधील ‘वॉनाक्राय’ने दाखवून दिले, त्यावरील दुरुस्ती मार्चमध्येच उपलब्ध होती, परंतु असंख्य संगणकांवर ती बसविलेली नव्हती. विंडोज ११ साठी आवश्यक असलेली टीपीएम सुविधा काही संगणकांत असूनही बंद ठेवलेली असते. म्हणून संगणक निर्लेखित करण्यापूर्वी तपासणी करून घेणे इष्ट.

अनेक ठिकाणी एकाच पासवर्डवर सारे कर्मचारी काम करतात, डिजिटल स्वाक्षरीचे टोकनही संगणकाला दिवसभर लावलेलेच असते. अशा कार्यालयातून गैरमार्गाने एखादे देयक अदा झाल्यास नोंदी केवळ संगणकाकडे बोट दाखवितात, व्यक्तीकडे नव्हे; आणि ज्याच्या नावाने स्वाक्षरी झाली, त्या निर्दोष लिपिकाला आपण त्या वेळी जागेवर नव्हतो, हे सिद्ध करणे अवघड होऊन बसते.