कात्रीमागचे हात

‘संकलन’ म्हटले की आम्हां मराठीच्या मास्तरांना क्रमिक पुस्तकातले वेचे आठवतात. वेचे निवडणाऱ्याचे नाव निदान पुस्तकावर छापलेले असते. चित्रपटाच्या संकलकाचे दैव तेवढेही बलवत्तर नाही. त्याचे काम साधले, तर प्रेक्षकाला ते दिसतच नाही. दिसले, तर कात्री चुकली असे खुशाल समजावे!

जर्मन भाषेत या कामाला ‘श्निट’, म्हणजे ‘काप’ म्हणतात. वेर्नर हेर्झोगचे नाव चित्रपटवेड्या तरुणांना पाठ असते. पण त्याचा 1972 चा ‘आगिरे’ जिने कापला-जोडला, त्या बेआटे माइन्का-येलिंगहाउसचे नाव किती जणांना ठाऊक असेल? मूकपटांच्या काळात युरोप-अमेरिकेत फिल्म कापण्या-जोडण्याचे काम पुष्कळदा बायकांकडेच असे. शिवणटिपणासारखेच ते, त्यात नाव कसले, अशी समजूत!

पण त्यासाठी जर्मनीपर्यंत कशाला जायचे? आम्ही राहतो त्या खोताच्या वाडीपासून पायी जाण्याजोग्या अंतरावर, सँडहर्स्ट रोडला, एके काळी कॉरोनेशन थिएटर होते. 3 मे 1913 रोजी तिथे ‘राजा हरिश्चंद्र’ लोकांपुढे आला. दादासाहेब फाळक्यांचे नाव अजरामर झाले. सरस्वतीबाई फाळके मात्र ‘सौभाग्यवती’च राहिल्या.

त्या काळी विलायतेहून येणाऱ्या कच्च्या फिल्मच्या कडेला भोके नसत. भोके नसली, तर कॅमेऱ्याचे दाते तिला पुढे ओढणार कसे? दादरच्या घरात दिवसभर साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक उरकल्यावर बाई रात्री अंधारात बसून हातयंत्राने ही भोके पाडीत. एक भोक सरकले की पडद्यावर चित्र थरथरलेच! फिल्म धुण्याची रसायने त्या कालवीत. चित्रीकरणाच्या वेळी उजेड नटांवर पडावा म्हणून पांढरी चादर धरून तासन् तास उन्हात उभ्या राहत. फिल्म कापण्या-जोडण्यातही त्यांचा हात होता. म्हणूनच आपल्याकडच्या पहिल्या संकलक म्हणून त्यांचे नाव घेतले जाते. पैशाची चणचण पडली तेव्हा त्यांचे दागिनेही गेले. तारामतीची भूमिका त्यांनाच विचारली होती. त्यांनी ती नाकारली. मग ग्रँट रोडच्या एका उपाहारगृहातला साळुंके नावाचा तरुण मिशा उतरवून तारामती झाला. त्याचे नाव राहिले. भोके पाडणारीचे मागे पडले.

1969 पासून दादासाहेबांच्या नावाने पुरस्कार दिला जातो, तो योग्यच आहे. माझी तक्रार भाषेपुरती आहे. सरस्वतीबाईंविषयी लिहिताना आपण ‘पतीच्या कार्याला हातभार लावला’ असे लिहून मोकळे होतो. वाचकहो, हातभार लावतो तो शेजारी, घटकाभर. जिच्या हातून फिल्मचा इंच न् इंच गेला, तिने हातभार लावला नाही. तिने काम केले. तसेच लिहावे.