घरातली गवाही कोर्टात टिकते का?

रस्त्यावर खून झाला तर एखादा परका माणूस साक्षीला मिळतो. घरात, चार भिंतींच्या आत झालेला खून पाहणारे घरचेच असतात: सासू, जाऊ, दीर, नाहीतर शेजारी झोपलेली लहान मुले. अशा वेळी मोहल्ल्यात एक वाक्य हमखास ऐकू येते. "घरच्यांची गवाही कोर्टात टिकत नाही, कशाला पोराबाळांना त्यात ओढता?" हा समज चुकीचा आहे. त्यामुळे ज्याने पाहिले तोच गप्प बसतो.

सर्वोच्च न्यायालयाने या प्रश्नाचे उत्तर १९५३ सालीच दिले आहे. दलीपसिंग विरुद्ध पंजाब राज्य या खटल्याचा निकाल न्या. व्हिव्हियन बोस यांनी लिहिला. ते आधी नागपूर उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश होते. त्यांचे म्हणणे साधे होते. ज्याच्या घरचे माणूस गेले, तो खऱ्या खुन्याला सोडून निरपराध माणसाला कशाला अडकवील? मात्र त्यांनी एक इशाराही दिला. जिथे जुने वैर असते, तिथे खऱ्या गुन्हेगारासोबत एखादे भलतेच नाव गोवण्याचा मोह होतो. म्हणून नाते आहे एवढ्यावरून साक्ष फेकायची नाही. ती बारकाईने तपासायची.

साक्षीदार किती हवेत? १९५७ च्या वडिवेलू थेवर खटल्यात न्यायालयाने सांगितले की संख्या नव्हे, कस पाहायचा. एकच साक्षीदार पूर्ण विश्वासाचा असेल तर शिक्षा होऊ शकते. तो पूर्ण अविश्वासाचा असेल तर प्रश्नच मिटला. पण तो या दोहोंच्या मधला असेल, तर इतर पुराव्याचा आधार शोधावा लागतो.

अपिलात साक्षीदार सहसा पुन्हा पिंजऱ्यात उभा राहत नाही. न्यायाधीशांपुढे असतात त्याच्या जबानीचे कागद. ते पाहतात: साक्षीदार त्या वेळी तिथे असणे स्वाभाविक होते का? उजेड होता का? त्याने पाहिलेले प्रथम कोणाला आणि कधी सांगितले? शवविच्छेदनाचा अहवाल त्याच्या सांगण्याशी जुळतो का? वेळेत थोडा फरक पडला, कपड्यांचा रंग आठवला नाही, तर तेवढ्याने साक्ष कोसळत नाही. पण कोणी मारले, कशाने मारले, हेच बदलत गेले तर संशयाचा फायदा आरोपीला मिळतो, आणि तो मिळायलाच हवा. खोट्या साक्षीने एखाद्या निरपराधाचे घरही उद्ध्वस्त होते.

लहान मुलाची साक्ष सर्वांत नाजूक. मध्य प्रदेशातील एका खटल्याचा निकाल सर्वोच्च न्यायालयाने २४ फेब्रुवारी २०२५ रोजी दिला. घटना २००३ ची. सात वर्षांच्या मुलीने सांगितले की वडिलांनी आईचा गळा पायाने दाबला. त्याच रात्री प्रेत शेतात घाईने जाळण्यात आले होते. सत्र न्यायालयाने शिक्षा दिली. उच्च न्यायालयाने २०१० साली आरोपीला सोडले. मुलीचा जबाब पोलिसांनी १८ दिवसांनी घेतला होता, आणि तिला पढवले असावे अशी शंका होती. सर्वोच्च न्यायालयाने शिक्षा कायम केली. साक्षीला किमान वयाची अट नाही. प्रश्न समजून नीट उत्तर देता आले की पुरे. मूल पढवलेले असू शकते म्हणून सावध राहावे, पण नुसत्या शंकेवर त्याचे म्हणणे टाकू नये. शिवाय पत्नी घरात कशी मेली, याचा पटेल असा खुलासा पतीने दिला नव्हता.

पाहणारा कोणीच नसेल तर? नांदेड जिल्ह्यातील एका विवाहितेच्या मृत्यूनंतर साप चावल्याचे सांगण्यात आले. वैद्यकीय पुराव्यात गळा दाबल्याचे निघाले. २००६ साली, त्रिमुख किरकन खटल्यात, सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की घराच्या आत झालेल्या अशा मृत्यूचा खुलासा घरात राहणाऱ्यांनीच द्यायचा असतो. गुन्हा सिद्ध करण्याची मुख्य जबाबदारी सरकार पक्षाचीच राहते. पण गप्प बसणे किंवा खोटे कारण सांगणे आरोपीच्या विरोधात जाते. १ जुलै २०२४ पासून नवा भारतीय साक्ष अधिनियम लागू झाला, त्यातही हा नियम कायम आहे.

आपल्या घरांसाठी यातून काही गोष्टी निघतात. दफनाची घाई आपल्याकडे रीतीची आहे; पण मृत्यू संशयास्पद असेल तर गुस्ल देण्यापूर्वी पोलिसांना कळवावे आणि शवविच्छेदन होऊ द्यावे. मय्यतला गुस्ल देणाऱ्या भगिनींना गळ्यावर वळ किंवा अंगावर जखमा दिसल्या, तर त्यांनी थांबावे आणि सांगावे. त्यांचे पाहणेही साक्षच आहे. मुलाने काही पाहिले असेल तर त्याला शिकवू नये, पुन्हा पुन्हा विचारून थकवू नये. त्याच्या शब्दांत, लवकरात लवकर जबाब नोंदवून घ्यावा. दिवस जातील तसा आरोपीच्या वकिलाला "पढवले" म्हणायला वाव मिळतो. आणि जे पाहिले नाही ते रागाच्या भरात जोडू नये. एक जोडलेले नाव खऱ्या साक्षीलाही बुडवू शकते.

सूरह अन्-निसाची १३५ वी आयत न्यायाची साक्ष आई-वडील आणि नातेवाइकांच्या विरुद्ध जात असली तरी ती देण्याची जबाबदारी आपल्यावर टाकते. ज्या घरात एका लेकीचा जीव गेला, तिथे ही जबाबदारी सर्वांत जड असते. अब्रू जाईल म्हणून दार लावून घेतले, तर आत राहिलेल्या पुढच्या लेकीला कोण वाचवणार?