सुरांतून उभी राहिलेली वास्तु

इमारत पाहावी आणि गाणें ऐकावें, अशी आपली नित्याची वाटणी आहे. ही वाटणी मोडून डोळे व कान यांस एकाच अनुभवांत बुडवून टाकणारी एक वास्तु इ. स. १९५८ सालीं बेल्जमची राजधानी ब्रुसेल्स येथें उभी राहिली होती. आज ती पाहावयास मिळत नाहीं. तिची कल्पनाच करावी लागते. ती कशी घडली, हें येथें थोडक्यांत सांगण्याचें योजिलें आहे.

त्या वर्षीं ब्रुसेल्स येथें ता. १७ एप्रिलपासून ता. १९ ऑक्टोबरपर्यंत एक मोठें जागतिक प्रदर्शन भरलें होतें. दिवे, रेडिओ इत्यादि विजेचीं साधनें तयार करणारी हॉलंडांतील फिलिप्स कंपनी त्यांत भाग घेणार होती. नुसता माल मांडून ठेवण्यापेक्षां प्रकाश व ध्वनि यांचें सामर्थ्यच लोकांस अनुभवावयास द्यावें, असें तिच्या चालकांनीं ठरविलें, आणि ल कॉर्बूझिए या विख्यात वास्तुविशारदास तें काम सांगितलें. आपल्या देशांतील चंदीगड शहराच्या उभारणींत हे गृहस्थ त्या वेळीं गुंतलेले होते. मंडपापेक्षां त्याच्या आंत काय घडावें याकडेच त्यांचें लक्ष होतें. आंत विजेचें एक काव्य असावें आणि मंडप ही तें सांठविण्याची केवळ बाटली व्हावी, अशी त्यांची कल्पना होती. ती बाटली घडविण्याचें काम त्यांनीं आपल्या कचेरींतील यानिस झेनाकिस या तरुण सहकाऱ्यावर सोपविलें.

झेनाकिस हा जातीनें ग्रीक. दुसऱ्या महायुद्धाच्या अखेरीच्या सुमारास अथेन्स शहरांत झालेल्या लढाईंत तोफेच्या गोळ्यानें त्याचा चेहरा विदीर्ण झाला व डाव्या डोळ्याची दृष्टि गेली. इ. स. १९४७ सालीं तो पॅरिसला आला. शिक्षणानें तो स्थापत्यशास्त्रज्ञ होता, पण त्याचा जीव संगीतांत होता. ‘मेटास्टासिस’ नांवाच्या आपल्या वाद्यवृंदाच्या रचनेंत त्यानें एक नवीन युक्ति योजिली होती. सतारीवर वादक तार ओढून एका सुरावरून दुसऱ्या सुरावर अखंड घसरत जातो, त्यास आपण मींड म्हणतों. झेनाकिसनें अनेक तंतुवादकांना एकाच वेळीं, पण निरनिराळ्या गतीनें अशी मींड घ्यावयास लाविलें. आलेखाच्या कागदावर यांतील प्रत्येक मींड ही एक तिरपी सरळ रेषा होते. आणि अशा पुष्कळ रेषा जवळजवळ आल्या म्हणजे त्यांतून एक वांकदार आकृति प्रकट होते.

विद्यार्थिमित्रांनीं हा चमत्कार घरीं करून पाहावा. दोन सारख्या काठ्यांवर समान अंतरानें खुणा कराव्या, समोरासमोरच्या खुणांमध्यें दोरे ताणून बांधावे, आणि मग एक काठी थोडी पिरगळावी. प्रत्येक दोरा सरळच राहतो, पण सर्व मिळून झालेला पडदा वांकलेला दिसतो. मंडपाच्या भिंती झेनाकिसनें याच रीतीनें आंखल्या. आंत एकही खांब नव्हता. पोलादी तारांनीं आवळून धरलेल्या काँक्रीटच्या, अवघ्या ५ सेंटिमीटर जाडीच्या फरश्यांचे ते वळणदार पडदे तंबूच्या शिखरांसारखे आकाशांत चढले होते. कागदावर जें संगीत झालें होतें, तेंच येथें भिंत झालें.

आंतील जमिनीचा आकार मनुष्याच्या जठरासारखा होता. एका बाजूनें सुमारें ५०० प्रेक्षक आंत येत, व खेळ संपतांच दुसऱ्या बाजूनें बाहेर पडत. येतांना कानीं पडे तो जळत्या कोळशाच्या तडतडीपासून झेनाकिसनेंच तयार केलेला नाद. मग अंधार होई, आणि एडगर व्हारेझ या संगीतकाराची आठ मिनिटांची रचना सुरू होई. भिंतींवर तीनशेंहून अधिक ध्वनिक्षेपक बसविलेले असल्यामुळें आवाज एका जागीं न थांबतां भिंतीवरून चढे, डोक्यावरून धांवे व पाठीमागें उतरे. त्याच वेळीं प्रेक्षकांवर रंगीत प्रकाशाच्या लाटा येत, आणि पशु, मुखवटे, अणुस्फोट अशीं चित्रें भिंतींवर झळकत. विशेष हें कीं, चित्रें व संगीत हीं स्वतंत्रपणें तयार झालीं होतीं. ठरलेला काळ तेवढा दोहोंत समान होता. त्यांचा मेळ कोणीं कागदावर घातला नव्हता. तो पाहणाऱ्याच्या मनांतच होई.

वास्तूच्या श्रेयाविषयीं मात्र कटुता आली. प्रथम गुरूचेंच नांव पुढें होतें. झेनाकिसनें आग्रह धरल्यावर त्याचेंहि नांव जोडलें गेलें. प्रदर्शन आटोपल्यावर, इ. स. १९५९ च्या जानेवारींत, मंडप पाडून टाकण्यांत आला.

व्हारेझची रचना आजहि ऐकतां येते, चित्रें पाहतां येतात, नकाशेहि जपलेले आहेत. अलीकडे संशोधकांनीं संगणकाच्या साहाय्यानें त्या मंडपाचा आभासहि निर्माण केला आहे. परंतु जो आवाज भिंतीवरून धांवण्यासाठीं रचला होता, त्यास आतां ती भिंत नाहीं. जुनी इमारत पाडली कीं दगडविटा गेल्या, एवढेंच आपण म्हणतों. तिच्या आंत आवाज कसा घुमत असे, उजेड कसा उतरत असे, हेंहि तिच्याबरोबर जातें. आपल्या गांवांतील जुन्या वास्तूंत पाऊल टाकतांना तेवढ्यासाठीं तरी क्षणभर थांबावें, आणि डोळ्यांबरोबर कानहि उघडे ठेवावे.