हुकूम, अमानत आणि आरमार : नौदलात जाऊ पाहणाऱ्या मुलांच्या घरच्यांसाठी

कोल्हापूर, कागल, गडहिंग्लज, इचलकरंजी, कुठेही पहाटे मैदानावर जा, भरतीची तयारी करणारी पोरं धावताना दिसतील. आर्मी, पोलीस, आता अग्निवीर. त्यात नौदलाचा फॉर्म भरणारेही वाढलेत, आणि आपल्या समाजातली मुलंही त्यात आहेत. घरात चर्चा होते ती पगाराची, चार वर्षांनंतर काय त्याची, सुट्टी किती मिळते याची. अम्मीला काळजी असते जेवणाची. हे सगळे प्रश्न रास्त आहेत. पण एक प्रश्न क्वचितच कुणी विचारतं : पोराचा साहेब कसा असेल, आणि उद्या हाच पोरगा साहेब झाला तर कसा होईल?

जमिनीवरच्या नोकरीत हा प्रश्न थोडा मागे ढकलता येतो. साहेब वाईट निघाला तर बदली मागता येते, संध्याकाळी घरी येऊन मन मोकळं करता येतं. जहाजावर तसं नाही. तीच माणसं, तीच लोखंडी भिंत, चोवीस तास. एकाने झडप नीट बंद केली नाही तर बुडताना सगळेच बुडतात. म्हणून जहाजावर कॅप्टनच्या शब्दाला एवढं वजन दिलेलं असतं. आणि म्हणूनच तो शब्द कुणाच्या हातात आहे याला जिवाचं मोल असतं.

कोल्हापूरला समुद्र नाही, मग इथं आरमाराची गोष्ट कशाला, असं कुणी म्हणेल. पण कोल्हापूरच्या छत्रपतींचं स्वतःचं आरमार होतं. मालवणचा सिंधुदुर्ग अठराव्या शतकात कोल्हापूर राज्याकडे होता. आणि आरमार कसं चालवावं, याबद्दल मराठीत लिहिलेला सर्वात नेमका मजकूरही कोल्हापूरच्याच गादीसाठी लिहिला गेला. तो म्हणजे आज्ञापत्र. रामचंद्रपंत अमात्यांच्या नावावर असलेला हा ग्रंथ अठराव्या शतकाच्या दुसऱ्या दशकातला, कोल्हापूरचे संभाजी महाराज यांच्यासाठी सिद्ध झालेला. गगनबावड्याच्या घाटाने मालवणकडे उतरताना जो बावडा लागतो, तोच या पंत अमात्य बावडेकरांचा.

आज्ञापत्रात आरमाराला राज्याचं एक स्वतंत्र अंग मानलं आहे. तोफा, गुराबा, गलबतं यांचा हिशेब तर आहेच. पण वाचताना थांबायला होतं ते दोन ठिकाणी. पहिलं म्हणजे पगार. आरमाराचा खर्च मुलखाच्या वसुलातून नेमून द्यावा, आरमाराने स्वतः मिळवलेल्या कमाईवर त्याला सोडू नये, असं पंत सांगतात. का? कारण ज्याचं पोट लुटीवर चालतं तो हळूहळू व्यापाऱ्यालाही गिऱ्हाईक समजायला लागतो. सावकार घाबरून बंदर सोडतात, बंदर ओस पडलं की राज्याचंच नुकसान. म्हणजे खलाशी बेइमान झाला तर दोष फक्त त्याचा नाही, त्याला उपाशी ठेवणाऱ्याचाही आहे. तीनशे वर्षांपूर्वी इतकं सरळ लिहून ठेवलंय.

दुसरं म्हणजे लाकूड. जहाज बांधायला सागवान लागतो, तसा आंबा-फणसही उपयोगी पडतो. पण रयतेच्या आंब्या-फणसाला हात लावू नका, असा हुकूम आहे. ही झाडं वर्षा-दोन वर्षांत होत नाहीत, लोकांनी ती पोटच्या पोरासारखी वाढवलेली असतात. एखादं झाड अगदीच जुनं, कामातून गेलेलं असेल तर मालकाला राजी करून, पैसे देऊन घ्यावं. जबरदस्ती नाही. लष्कराला गरज आहे म्हणून गरिबाचं काहीही उचलावं, हा विचार इथं मुळातच नाकारलेला आहे.

आता यातली खेदाची बाजू. ज्या गादीसाठी हे लिहिलं, तिच्याच आरमाराची पुढे वेगळी ख्याती झाली. इंग्रजांच्या कागदात मालवणच्या जहाजांचा उल्लेख चाचे म्हणूनच येतो. इंग्रज स्वतः काही साधू नव्हते, त्यांना पश्चिम किनारा हवाच होता. तरी व्यापारी जहाजं लुटली जात होती हेही खरं. १७६५ मध्ये, राणी जिजाबाईंच्या कारभारात, इंग्रजांनी सिंधुदुर्ग घेतला आणि पुढच्या वर्षी रक्कम घेऊन परत केला. अखेर १८१२ च्या तहाने मालवण कोल्हापूरच्या हातून कायमचं गेलं. चाचेगिरी बंद करण्याचं कलम त्या तहात होतं. पंतांनी जे टाळा म्हणून सांगितलं होतं, नेमकं तेच कारण म्हणून शत्रूच्या हाती गेलं.

आणि हो, ही परंपरा आपल्यासाठी परकी नाही. शिवाजी महाराजांच्या आरमारात दर्यासारंग हा मुसलमान सुभेदार आणि मायनाक भंडारी हे दोघे बरोबरीने होते, असं सभासदाच्या बखरीत आहे. १६७९ मध्ये खांदेरीवरून इंग्रजांशी झुंज झाली तेव्हा मराठी आरमार घेऊन येणारा सरदार होता दौलतखान. समुद्रावर माणसाची पारख कामावरून होते, ती अशी.

आता येऊ या मुंबईला, १९४६ मध्ये. नौदलातल्या नेतृत्वाबद्दल काही शिकायचं असेल तर या एका आठवड्यासारखा धडा नाही.

कुलाब्याला 'तलवार' नावाचा नौदलाचा तळ होता. नाव जहाजासारखं, पण ती जमिनीवरची सिग्नल आणि वायरलेस शिकवणारी शाळा. तिथले पोरगे शिकलेले, इंग्रजी येणारे, महायुद्धात काम केलेले. त्यांना मिळणारं जेवण निकृष्ट, राहण्याची सोय वाईट, गोऱ्या खलाशाला एक वागणूक आणि हिंदी खलाशाला दुसरी. त्यात कमांडर किंग नावाचा अधिकारी त्यांना घाणेरड्या शिव्या द्यायचा. पोरांनी आधी बंड केलं नाही. आधी रीतसर तक्रारी केल्या. त्या तक्रारींवर वेळेत काहीच झालं नाही. १८ फेब्रुवारी १९४६ ला त्यांनी जेवायला नकार दिला.

पुढचं झपाट्याने घडलं. सुमारे ७८ जहाजं, २० तळ आणि २० हजारांच्या आसपास खलाशी संपात आले. मुंबईहून कराची, मद्रास, कलकत्त्यापर्यंत ठिणगी गेली. खलाशांनी एक मध्यवर्ती संप समिती निवडली. अध्यक्ष सिग्नलमन एम. एस. खान, उपाध्यक्ष टेलिग्राफिस्ट मदन सिंग. दोघेही तरुण, कुणीही अधिकारी नाही. जहाजांवर काँग्रेस, मुस्लिम लीग आणि कम्युनिस्ट, तिन्ही झेंडे एकत्र लागले. देश फाळणीकडे चाललेला असताना खलाशांनी एक खान आणि एक सिंग यांना जोडीने पुढे केलं, ही गोष्ट शाळेच्या पुस्तकात दोन ओळींत संपते, याचं वाईट वाटतं. गेटवेजवळ लोकांनी खलाशांसाठी खाण्याचे डबे आणून दिले. नौदलाचा गोरा सेनापती ॲडमिरल गॉडफ्रे रेडिओवरून म्हणाला की, वेळ पडली तर सगळं नौदल नष्ट झालं तरी चालेल, पण बंड मोडू. परळपासून भेंडी बाजारपर्यंत रस्त्यावर गोळीबार झाला आणि शहरात दोनशेहून जास्त माणसं मेली.

२३ फेब्रुवारीला संप मागे घेतला गेला. सरदार पटेलांनी सल्ला दिला, जिनांनीही आवाहन केलं. आपण ब्रिटनला नाही, हिंदुस्थानला शरण जात आहोत, असं समितीने जाहीर केलं. सूडबुद्धीने कारवाई होणार नाही असा दिलासा खलाशांना मिळाला होता. प्रत्यक्षात शेकडो जण नोकरीवरून काढले गेले, अनेकांना कैदेत ठेवलं, आणि स्वातंत्र्यानंतर भारताच्या किंवा पाकिस्तानच्या नौदलाने त्यांना परत घेतलं नाही.

चौकशीसाठी पाटण्याचे मुख्य न्यायमूर्ती सर सय्यद फजल अली यांच्या अध्यक्षतेखाली आयोग बसला. निकृष्ट जेवण, भेदभाव, अधिकाऱ्यांची वागणूक, तक्रारींकडे दुर्लक्ष ही कारणं त्यात नोंदली गेली. म्हणजे बंड झालं ते शिस्त कमी होती म्हणून नव्हे. शिस्त फक्त खालच्यांसाठी होती म्हणून झालं. शिवी देणाऱ्या अधिकाऱ्याला एखाद्या वरिष्ठाने वेळेवर हटवलं असतं, तर कदाचित इतका मोठा भडका उडाला नसता. अर्थात स्वातंत्र्याची हवा होतीच, आझाद हिंद फौजेचे खटले ताजे होते. पण ठिणगी पडली ती ताटात.

स्वतंत्र भारताच्या नौदलाकडे वळलं की दोन प्रसंग सांगावेच लागतात.

९ डिसेंबर १९७१. दीवजवळ पाकिस्तानी पाणबुडीने आयएनएस खुकरीवर टॉर्पेडो मारला. जहाज काही मिनिटांत बुडालं, १८ अधिकारी आणि १७६ खलाशी गेले. कॅप्टन महेंद्रनाथ मुल्ला यांनी आपलं लाइफ जॅकेट दुसऱ्याला दिलं आणि ते स्वतः जहाजाबरोबर गेले. त्यांना मरणोत्तर महावीर चक्र मिळालं. (कोल्हापूर-सांगलीकडे मुल्ला आडनाव घरोघरी, त्यामुळे बऱ्याच जणांना ते आपल्यातले वाटतात. ते काश्मिरी पंडित कुटुंबातले.) कॅप्टनने जहाजाबरोबर बुडालंच पाहिजे असा काही कायदा नाही. कित्येक जाणते अधिकारी म्हणतील की, असा माणूस वाचायला हवा होता. तेही बरोबर आहे. पण कुणाला आधी वाचवायचं, हे त्या काही मिनिटांत त्यांनी ठरवलं, आणि स्वतःला शेवटी ठेवलं.

दुसरा प्रसंग मुंबईच्या समुद्रातला, २६ फेब्रुवारी २०१४ चा. सिंधुरत्न पाणबुडीत आग लागून धूर भरला. लेफ्टनंट कमांडर कपीश मुवाल आणि लेफ्टनंट मनोरंजन कुमार हे दोन तरुण अधिकारी त्यात गेले. इतरांना वाचवण्यासाठी ते आगीशी झुंजत राहिले, त्यांना मरणोत्तर शौर्यचक्र दिलं गेलं. त्याआधी सहाच महिन्यांपूर्वी, १४ ऑगस्ट २०१३ ला, मुंबईच्याच गोदीत सिंधुरक्षक पाणबुडी स्फोटात बुडून १८ जण गेले होते. सिंधुरत्नच्या दिवशीच नौदलप्रमुख ॲडमिरल डी. के. जोशी यांनी नैतिक जबाबदारी घेऊन राजीनामा दिला. आग त्यांनी लावली नव्हती, ते पाणबुडीवर नव्हतेही. अपघातामुळे भारतीय नौदलप्रमुखाने पद सोडण्याचा हा पहिलाच प्रसंग. यावर दोन मतं आहेत. काही म्हणतात, जुन्या पाणबुड्या आणि वेळेवर न येणारं सामान याला मंत्रालयही तेवढंच जबाबदार होतं, मग एकट्यानेच का जायचं? प्रश्न योग्यच आहे. पण दुसरा खुर्ची सोडत नाही म्हणून मीही सोडणार नाही, असं जोशींनी म्हटलं नाही. आपल्याकडे पूल पडतो, इमारत पडते, आणि सही कुणाची होती हेच सापडत नाही. त्या मानाने हे वेगळं होतं.

भ्रष्टाचार मात्र अशा मोठ्या प्रसंगातून येत नाही, तो जेवणाच्या ताटातून येतो. अमेरिकी नौदलाचं उदाहरण घ्या. आशियातल्या बंदरांत त्यांच्या जहाजांना इंधन, पाणी, टग पुरवणारा लिओनार्ड फ्रान्सिस नावाचा ठेकेदार होता. तो अधिकाऱ्यांना महागडी हॉटेलं, जेवणावळी, भेटी द्यायचा. बदल्यात अधिकारी त्याला जहाजांच्या हालचालींची गुप्त माहिती द्यायचे आणि जहाजं त्याच्या सोयीच्या बंदरात वळवायचे. त्याने फुगवलेल्या बिलांनी कोट्यवधी डॉलर लुटले. २०१५ मध्ये त्याने गुन्हा कबूल केला आणि डझनावारी अधिकारी अडकले. पहिल्याच दिवशी कुणी देश विकला नव्हता. पहिल्या दिवशी फक्त जेवायला गेले होते. आपल्या घरात 'अमानत' हा शब्द लहानपणापासून कानावर पडतो. जहाज कुठे जाणार ही माहितीही अमानतच आहे, हे पोराला समजावून सांगायला यापेक्षा सोपा शब्द नाही.

मग हुकमाचं काय? साहेब सांगेल ते सगळं करायचं का? नाही. नौदलाचा कायदा १९५७ चा आहे आणि त्यात शिक्षा आहे ती कायदेशीर हुकूम मोडण्याला. खोट्या नोंदीवर सही कर, स्टोअरमधला माल बाहेर काढ, हा कायदेशीर हुकूम होत नाही. अन्याय झाला तर वरच्या अधिकाऱ्याकडे टप्प्याटप्प्याने तक्रार करण्याचा मार्गही त्याच कायद्यात आहे. त्याने भागलं नाही तर सशस्त्र दल न्यायाधिकरण आहे, त्याचं एक खंडपीठ मुंबईत आहे. पोराला एवढं सांगून ठेवा की, तक्रार लेखी करायची, तारीख घालायची, आणि एकट्याने रागाच्या भरात काही करायचं नाही. व्हॉट्सॲपवर व्हिडिओ टाकणं ही तक्रार नव्हे, उलट त्यानेच तो अडकतो.

आणि इमानाची पहिली परीक्षा तर भरतीच्या आधीच घरात होते. 'आपली वर ओळख आहे, दोन-तीन लाखांत काम होईल' असं सांगणारा माणूस आपल्या भागात फिरत असतो. अग्निवीर भरतीत ऑनलाइन परीक्षा आहे, मग शारीरिक चाचणी आणि वैद्यकीय तपासणी, आणि निवड झालेली मुलं ओडिशात आयएनएस चिल्का इथं प्रशिक्षणाला जातात. यात एजंटाला कुठेच जागा नाही. दहावी-बारावीची मूळ प्रमाणपत्रं त्याच्या हातात देऊ नका. पैसे मागितले तर जवळच्या पोलीस ठाण्यात लेखी तक्रार द्या, आणि अर्ज भरण्याआधी नौदलाच्या भरतीच्या अधिकृत वेबसाइटवरची जाहिरात मुलाबरोबर बसून शेवटपर्यंत वाचा.