मूल नाही म्हणून संसार तुटतो?

‘तिच्यातच दोष असणार.’ मूल होत नसलं की घरात पहिलं वाक्य हेच, आणि सगळ्यात महागात पडणारा गैरसमजही हाच. प्रत्यक्षात जवळपास निम्म्या जोडप्यांत पुरुषाकडचं कारण सापडतं; कधी एकटं, कधी स्त्रीकडच्या कारणासोबत. वीर्यतपासणी सगळ्यात सोपी: दोन ते सात दिवसांचा संयम आणि एक नमुना. तरीही बायकोची सोनोग्राफी होते, गर्भनलिकांचा एक्स-रे होतो, दुर्बिणीची तपासणीसुद्धा होते, आणि नवऱ्याचा रिपोर्ट फायलीत नसतोच. ती पेशंट, तो नुसता सोबत आलेला. दुराव्याची सुरुवात बहुतेक वेळा इथेच होते.

‘मूल नसलं की नातं टिकत नाही’ हे अर्धसत्य. डेन्मार्कमध्ये वंध्यत्वाच्या तपासणीसाठी आलेल्या 47 हजारांहून अधिक स्त्रियांचा अभ्यास 2014 मध्ये प्रसिद्ध झाला. मूल न झालेल्या स्त्रियांत जोडीदारापासून वेगळं होण्याची शक्यता तिपटीपर्यंत जास्त दिसली. पण म्हणून मूल नसणं हेच कारण, असं ठरत नाही. माझ्या मते नातं झिजतं ते तारखांनी. बाराव्या दिवशी सोनोग्राफी, चौदाव्या दिवशी ‘डॉक्टरांनी सांगितलंय’ म्हणून जवळीक. महिनाअखेरीस ती बाथरूममधून बाहेर येते, तो मोबाइलमधून मान वर करत नाही. दोघांनाही कळलेलं असतं. मग भाचीच्या बारशाला त्याला नेमकं ऑफिसचं काम निघतं, आणि ‘गोड बातमी कधी?’ला उत्तर द्यायला ती एकटी उरते.

‘एक मूल झालं की सगळं रुळावर येईल’ हाही भ्रमच. पहिल्या मुलानंतर वैवाहिक समाधान सरासरीने घटतं, असं अनेक अभ्यास सांगतात. उलट नातं आधी भक्कम लागतं: दत्तकाच्या नियमांतही जोडप्याला किमान दोन वर्षांचं स्थिर वैवाहिक आयुष्य आणि दोघांची संमती लागते.

राहिला ‘दुसरं लग्न करून टाक’ हा सल्ला. हिंदू विवाह कायद्यात (1955) वंध्यत्व हे घटस्फोटाचं कारण नाही. नपुंसकतेची तरतूद वेगळी. पहिली पत्नी असताना केलेलं दुसरं लग्न तिच्या संमतीनेही रद्दबातलच, आणि शिक्षा सात वर्षांपर्यंत.

तेव्हा सासूबाई-मामंजींना कळकळीची विनंती: सुनेला दवाखान्यात धाडण्याआधी मुलाचा रिपोर्ट काढायला लावा.